अर्जदार क्रमांक एक

आमच्या घराची मागची भिंत आणि औद्योगिक वसाहतीचं कुंपण यांच्यामध्ये एक माणूस अंग चोरून जाईल एवढीच जागा आहे. नानांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, हे रो-हाऊस घेतलं तेव्हा ओळखीतल्या लोकांनी त्यांना सांगून पाहिलं होतं की कारखान्यांना इतकं चिकटून घर घेऊ नका. नाना म्हणाले, "ज्याच्या जिवावर घर घेतलं त्याच्या शेजारी राहायला कसली लाज?"

नाना निफाडकडच्या एका खेड्यातून तरुणपणी नाशिकला आले आणि निवृत्त होईपर्यंत प्लेटिंगच्या कामात राहिले. लोखंडी वस्तू रसायनाच्या टाकीत सोडायच्या आणि त्यांच्यावर क्रोमचा चकचकीत मुलामा चढवायचा, ते काम. रस्त्यानं जाताना एखाद्या मोटारसायकलचं हँडल उन्हात चमकलं तर ते अजूनही थांबून बघतात. आई गेल्यावर आम्ही दोघंच उरलो. मी लग्न केलं नाही. एका कॉलेजच्या ऑफिसात नोकरी करते. सकाळी दोघांचा स्वयंपाक करून जायचं, संध्याकाळी यायचं, असं आमचं बरं चाललं होतं.

कुंपणापलीकडच्या शेडमध्ये पूर्वी लाकडी खोकी बनायची. तो धंदा बंद पडला, शेड बरीच वर्षं रिकामं राहिलं, पत्र्यावर कबुतरांनी ठाण मांडलं. मग एका संध्याकाळी एक गृहस्थ पेढ्यांचा बॉक्स घेऊन आमच्या दारात आले आणि वाकून नानांच्या पाया पडले. हसले तेव्हा मी त्यांना ओळखलं. मी शाळेत होते तेव्हा ते नानांच्या हाताखाली अप्रेंटिस होते. खोली घेऊन एकटे राहायचे आणि बऱ्याचदा आमच्याकडे जेवायला असायचे. आई त्यांना परत जाताना भाकरी बांधून द्यायची. मी त्यांना दादा म्हणायची. आता त्यांचं स्वतःचं युनिट होतं, काम वाढलं होतं आणि त्यासाठी त्यांनी ते मागचं शेड घेतलं होतं.

"नाना, नारळ तुम्हीच फोडायचा," दादा म्हणाले. "टाकीपुढं उभं कसं राहायचं ते तुम्ही शिकवलंत."

निवृत्तीनंतर नाना इतके उजळलेले मी पाहिले नव्हते. नारळ फोडून आले आणि संध्याकाळभर मला सांगत बसले, टाक्या किती, कुठल्या, वरचं पंख्याचं धुराडं कसं, पोरं किती कामाला. त्यानंतर रोज दुपारी चहाला ते दादांच्या केबिनमध्ये जायला लागले.

पावसाळाभर काही जाणवलं नाही. थंडी पडली तसं ते सुरू झालं. नाशिकच्या थंडीत संध्याकाळची हवा खाली बसते, हलत नाही. मी कॉलेजातून यायची आणि दार उघडलं की घशात काहीतरी अडकायचं. तांब्याचा पैसा तोंडात धरावा तशी चव जिभेवर यायची. मग डोळे चुरचुरायचे. खिडक्या लावल्या तरी वास आतच असायचा.

"नाना, हा वास कसला?"

"कुठला?"

"हा. आत्ताचा."

त्यांनी मान वर करून श्वास घेतला. "मला तर काय येत नाय."

ते खरं होतं. नानांना कुठलाच वास येत नाही. मी कॉलेजात असताना त्यांना सारखा नाकातून रक्त येण्याचा त्रास झाला होता, तेव्हा डॉक्टरांनी तपासून सांगितलं की दोन्ही नाकपुड्यांमधल्या पडद्याला आरपार भोक पडलं आहे. क्रोमच्या टाकीवर वाफ घेत वर्षं काढली की असं होतं म्हणाले. आई त्या दिवशी रडली. रडली ती वेगळ्याच कारणानं. लग्न झाल्यापासून हा माणूस तिच्या प्रत्येक भाजीला छान म्हणत आला होता, आणि त्याला ठेच्याच्या तिखटापलीकडे फारसं काही कळत नव्हतं हे तिला त्या दिवशी कळलं. नानांनी आम्हा दोघींना बजावलं होतं, "बाहेर कुणाला सांगू नका. लोकं हसतील."

शेजारी काकू राहायच्या. त्यांचे यजमान पंचवटीत यात्रेकरूंचं पौरोहित्य करायचे. ते गेल्यावर काकूंनी तिकडची जागा सोडून मुलानं घेतलेल्या या घरात बिऱ्हाड आणलं. आई गेल्यानंतर मला कुणी आईसारखं रागावलं असेल तर त्यांनीच. मी दमून आले की दोन घरांमधल्या कुंपणावरून वाटी पुढे यायची आणि म्हणायच्या, "खा आधी, मग बोल." त्यांना दम्याचा त्रास होताच. त्या थंडीत तो इतका वाढला की बोलताना मध्ये थांबावं लागायचं. देवघरातली पितळेची समई त्या दर शुक्रवारी घासायच्या. ती आता दुसऱ्याच दिवशी काळवंडायला लागली होती.

"ही माझ्या आतली नळीपण अशीच काळी पडत असेल गं," त्या एकदा म्हणाल्या. गमतीनं म्हणाल्या, पण नंतर दोघीही हसलो नाही.

मग पाणी. महापालिकेचं पाणी सकाळी येऊन जातं. वरच्या कामांना आम्ही सगळे गल्लीतल्या बोअरचं पाणी वापरायचो. एका रविवारी पांढऱ्या बादलीत मी ते भरलं आणि थबकले. पाणी पिवळसर होतं. गढूळ नाही, अगदी स्वच्छ, तळ दिसणारं, आणि पिवळं. मी बादली नानांसमोर आणून ठेवली. त्यांनी ती बघितली. बराच वेळ बघितली. क्रोमच्या टाकीतला तो पिवळा रंग ते ओळखणार नाहीत असं होणं शक्य नव्हतं.

"पाईप गंजले असतील," ते म्हणाले आणि पेपर उचलला.

मी दादांशी बोलले. दिवाळीत फराळाला आले तेव्हा बोलले, मग त्यांच्या गेटवर जाऊन बोलले. त्यांनी ऐकून घेतलं आणि धुराडं उंच केलं. वास आमच्याकडून थोडा कमी झाला आणि पुढच्या गल्लीत गेला. पाणी तसंच राहिलं. मग आम्ही प्रदूषण मंडळाकडे तक्रार केली. साहेब आले, त्या दिवशी टाक्या बंद होत्या. पुन्हा तक्रार, पुन्हा साहेब, पुन्हा टाक्या बंद. काकू म्हणाल्या, "यांना आधी कोण कळवतं?"

शेवटी काकूंच्या ओट्यावर गल्लीची बैठक झाली. सगळी घरं आली होती. लोक चिडलेले होते आणि चिडलेले लोक एकत्र बसले की एक प्रकारचा उत्साह येतो, तसा आला होता. पुण्याला हरित न्यायाधिकरणात अर्ज करायचं ठरलं. ओळखीतून तिथल्या एक तरुण वकीलबाई मिळाल्या. पहिलं नाव कुणाचं घालायचं असा प्रश्न निघाला. काकूंना धाप लागत होती, बाकीचे नोकरी-धंद्याचे. एकजण म्हणाले, "ताईंना ऑफिसची सवय आहे, इंग्रजी कागद कळतात, त्यांचं घाला." मी बरं म्हणाले. अशी मी अर्जदार क्रमांक एक झाले.

आमच्या घरातून एकच सही गेली. नानांना मी विचारलं होतं. ते म्हणाले, "तुला करायचं ते कर. मला त्यात ओढू नको."

नोटीस पोचल्यावर दादा आले. या वेळी मी दार उघडलं, तर ते बाहेरच थांबले. नानांनी आतून हाक मारली तेव्हा आत आले.

"ताई, कोर्टात जायच्या आधी एकदा सांगायचं तरी होतं."

"सांगितलं होतं, दादा."

"मी काही केलं नाही का? धुराडं उंच केलं. आणि पाण्याचं म्हणाल, तर ते माझ्याच टाकीतलं कशावरून? वसाहतीत माझ्यासारखे किती तरी आहेत."

"असतील. तपासणी होऊ दे. तुमचं नसेल तर मी स्वतः येऊन माफी मागेन."

ते नानांकडे बघून म्हणाले, "माझ्याकडच्या पोरांची घरं चालतात यावर. तुमच्याच गल्लीतली दोघं आहेत."

ते गेल्यावर नाना म्हणाले, "ज्याचं खाल्लं त्याच्यावर उलटायचं नसतं, पोरी."

"मी त्यांचं काय खाल्लं?"

"तू नाय. मी खाल्लं. जन्मभर हेच खाल्लं. तुझी फी त्यातनंच गेली."

त्यांचं म्हणणं चूक नव्हतं.

पहिल्या तारखेला गल्लीतले पाच-सहाजण मिळून पुण्याला गेलो. ठक्कर बाजारावरून सकाळची बस धरली. डबे घेतलेले, संगमनेरला उतरून चहा घेतला, सहलीला निघाल्यासारखे होतो. तिथे आमचा क्रमांक आला, वकीलबाई उभ्या राहिल्या, समोरच्या वकिलांनी उत्तरासाठी मुदत मागितली, मिळाली, आणि आम्ही बाहेर आलो. आत जेवढा वेळ गेला त्याहून जास्त वेळ आम्ही बाहेर रिक्षा शोधत होतो, असं परत येताना एकजण म्हणाले. पुढच्या तारखेला आम्ही तिघं होतो. त्यापुढच्या तारखेला मी एकटी.

लोक एकदम सुटले नाहीत. कोपऱ्यावरच्या घरानं वरचा मजला कामगारांना भाड्यानं दिलेला होता. तो रिकामा झाला असता, म्हणून त्यांनी नाव काढून घेतलं. एका घरातल्या मुलाला त्याच युनिटमध्ये नोकरी लागली. एकांनी घर विकायला काढलं, आणि विकताना दावा चालू आहे म्हटलं की गिऱ्हाईक पळतं. प्रत्येकजण नाव काढायच्या आधी माझ्याकडे येऊन गेला. खुर्चीच्या कडेवर बसायचे, पाणी नको म्हणायचे, आणि "तुम्ही समजून घ्याल" असं म्हणायचे. मी समजून घेतलं. समजून घेतल्यावर ते अधिकच लांब गेले. रस्त्यात दिसले की फोन काढून कानाला लावायचे.

गल्लीचा व्हॉट्सॲप ग्रुप हळूहळू गप्प झाला. आधी मला वाटलं सगळेच कमी बोलायला लागले आहेत. मग एकदा भाजीवाल्याजवळ दोघीजणी बोलत होत्या, "ग्रुपवर टाकलंय ना, पाणी उद्या येणार नाही." माझ्या ग्रुपवर काही नव्हतं. दुसरा ग्रुप निघाला होता.

त्या वर्षी गल्लीच्या गणपतीचा मांडव युनिटनं घालून दिला. मी आरतीला गेले. बायकांनी सरकून मला जागा करून दिली. लागते त्याहून बरीच जास्त जागा. मी टाळ्या वाजवल्या, प्रसाद घेतला आणि आले. नाना तिथेच दादांच्या शेजारी खुर्चीवर बसले होते.

काकू मात्र राहिल्या. "माझं नाव शेवटपर्यंत," म्हणायच्या. पण पुढच्या थंडीत त्यांना दवाखान्यात ठेवावं लागलं आणि तिथूनच मुलगा त्यांना पिंपळगाव बसवंतला घेऊन गेला. तो तिथल्या एका कोल्ड स्टोरेजवर मॅनेजर आहे. निघायच्या दिवशी त्या गाडीत बसून म्हणाल्या, "महिनाभरात येते. समईला तेवढं तेल घालत जा." किल्ली माझ्याकडे दिली. महिन्यानं फोन आला. तिकडे श्वास मोकळा येतो म्हणाल्या, रात्री आडवं होता येतं. त्यांचा आवाज खरंच बदलला होता, वाक्य सलग येत होतं. मला आनंद झाला, आणि फोन ठेवल्यावर लक्षात आलं की त्या आता परत येणार नाहीत. मुलानं नंतर त्यांचंही नाव काढून घेतलं. प्रकृतीचं कारण दिलं, आणि ते खोटं नव्हतं.

घरात नाना आणि मी. आमच्यात भांडण असं कधी झालं नाही. भाजीत मीठ कमी आहे, गोळ्या संपल्यात, गॅस आला होता, एवढं बोलणं व्हायचं. दुपारी ते शेडवर जायचे. सुट्टीच्या दिवशी मी गच्चीवर कपडे वाळत घालायला गेले की पत्र्याच्या खिडकीतून ते केबिनमध्ये बसलेले दिसायचे. हातवारे करून काहीतरी सांगत असायचे, समोर दादा आणि दोन-तीन कामगार हसत असायचे. घरात मी त्यांना इतकं बोलताना बऱ्याच दिवसांत ऐकलं नव्हतं. पलीकडे पांडवलेण्याचा डोंगर नेहमीसारखा उभा असायचा. मी कपडे वाळत घालून खाली यायची.

पुण्याला जाणं नंतर कमी झालं, कारण सुनावण्या लिंकवर व्हायला लागल्या. अर्धी रजा टाकायची, जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप मांडायचा, माईक बंद ठेवून आपल्या क्रमांकाची वाट बघत बसायचं. स्क्रीनवर लहान लहान चौकोनांत अनोळखी माणसं. कुणाची तरी नदी, कुणाची खाण, कुणाचा कचरा डेपो. ऐकून ऐकून मला ती प्रकरणं पाठ झाली होती. एका म्हाताऱ्या गृहस्थांचा चौकोन दर वेळी माझ्या शेजारी यायचा. ते कोण, कुठले, मला माहीत नाही. एका तारखेला ते दिसले नाहीत तर मी दिवसभर अस्वस्थ होते.

अशाच एका दुपारी समोरच्या वकिलांनी सांगितलं की पहिल्या अर्जदाराचे वडील, जे त्याच घरात राहतात आणि स्वतः या व्यवसायातले जाणकार आहेत, त्यांनी शपथेवर लिहून दिलं आहे की घरात कसलाही वास येत नाही. इंग्रजीत बोलले. मला समजायला क्षणभर लागला. मी मान वर केली. नाना समोरच्या खोलीत ताटात मटार सोलत बसले होते. माझ्या कानात हेडफोन होता, त्यांना काही ऐकू गेलं नव्हतं.

"संपलं का?" त्यांनी विचारलं.

"नाही अजून."

संपल्यावर मी चहा केला आणि त्यांच्यासमोर ठेवला.

"नाना, तुम्ही सही केलीत?"

त्यांनी मटाराची शेंग उघडली, दाणे ताटात सोडले. "केली. त्यात खोटं काय लिव्हलंय? मला वास येत नाय. तेच लिव्हलं."

मी त्यांच्यासमोर बसून उरलेले मटार सोलले. दुसरं काय करायचं ते सुचत नव्हतं.

संध्याकाळी वकीलबाईंचा फोन आला. त्या नाराज होत्या, पण खचलेल्या नव्हत्या. "तुमचे वडील प्लेटिंगमध्ये होते ना? त्यांना वास येतो का?"

मी मधलं दार ओढून घेतलं.

"ताई, या कामातल्या बऱ्याच लोकांची नाकं जातात. तसं असेल तर नाकाच्या डॉक्टरांचा दाखला आणा. त्यांचं प्रतिज्ञापत्र एका मिनिटात उलटतं. उलट आपल्यालाच उपयोगी पडेल."

"तसला दाखला मी नाही आणणार."

"म्हणजे तसं आहे तर."

"मी काही म्हटलेलं नाही. पाण्यावर चालवा. पाणी सगळ्यांना दिसतं."

"केस तुमची आहे की त्यांची?" त्या म्हणाल्या. रागावून नाही, खरंच विचारल्यासारखं. मी म्हटलं, केस माझी आहे, पण ते दुखणं त्यांचं आहे. त्या ठीक आहे म्हणाल्या. ही गोष्ट मी काकूंनाही सांगितली नाही. नानांना तर सांगण्याचा प्रश्नच नव्हता.

मग न्यायाधिकरणानं संयुक्त समिती नेमली. ती न कळवता आली, सकाळी, मी कॉलेजला निघायच्या आत. त्यांनी गल्लीच्या बोअरचं पाणी काढलं, शेडच्या आतलं सांडपाणी घेतलं, मागच्या अंगाचा शोषखड्डा उघडायला लावला. बाटल्यांना सील लावताना एक तरुण मुलगी मला म्हणाली, "हे झाडांनापण घालू नका." गल्लीतले सगळे दारात उभे होते. नाना हात पाठीमागे बांधून ओट्यावर, दादा पलीकडे गेटजवळ. दोघांपैकी कुणीही माझ्याकडे बघितलं नाही.

अहवालात ते सगळं आलं. बोअरच्या पाण्यात क्रोम होतं, असू नये तेवढं होतं, आणि शोषखड्ड्यातून ते कसं जमिनीत उतरलं तेही लिहिलं होतं. त्यानंतर फार तारखा लागल्या नाहीत. योग्य शुद्धीकरण यंत्रणा उभी होईपर्यंत क्रोमच्या टाक्या बंद, गल्लीतला बोअर सील, युनिटनं टँकरनं पाणी पुरवायचं, जमीन आणि पाणी साफ करायचं. निकाल मी ऑफिसात माझ्या टेबलावर वाचला. जेवणाची सुट्टी होती. सगळे डबे उघडून बसले होते, कुणाच्या तरी मुलीच्या साखरपुड्याचं बोलणं चाललं होतं. मी बाहेर व्हरांड्यात येऊन काकूंना फोन लावला.

"झालं काकू. आपल्या मनासारखं झालं."

"बरं झालं गं बाई," त्या म्हणाल्या. "फार बरं झालं. अगं, दारात कुणी आलंय, मी करते हं नंतर."

मी व्हरांड्यात थोडा वेळ उभी राहिले आणि आत येऊन डबा उघडला.

यंत्रणा बसवण्यापेक्षा दादांनी ते शेड सोडायचं ठरवलं. महिनाभर टेंपो येत-जात होते. तिथं कामाला असलेल्या गल्लीतल्या मुलांपैकी एकजण आता मोटारसायकलवर सिन्नरला जातो, एकाला बरेच दिवस काही मिळालं नव्हतं. त्याची आई आमच्या घरासमोरून जाताना पदर तोंडाला लावायची. वास तेव्हा राहिलेला नव्हता.

जायच्या आधी दादा नानांना भेटायला आले. मी स्वयंपाकघरात होते. मधलं दार उघडं होतं.

"नाना, येतो."

"कुठं काढतोस आता?"

"बघतोय. जागा बघतोय."

मग नाना म्हणाले, "एक विचारतो. खरं सांगशील?"

"विचारा ना."

"वास येत व्हता का रे घरात?"

मी हातातलं पातेलं खाली ठेवलं नाही, तसंच धरून उभी राहिले.

"येत होता, नाना."

"हितं? या खोलीत?"

"इथं बसलो की माझेच डोळे झोंबायचे."

"मग माझी सही कशाला घेतलीस?"

दादा उठून उभे राहिले. मग म्हणाले, "तुम्ही मला नाही म्हणणार नाही, हे माहीत होतं म्हणून."

"जा आता," ते म्हणाले. "ऊन वाढतंय."

मी चहा घेऊन बाहेर आले तोवर दादा गेले होते. नानांनी दोन कपांकडे बघितलं आणि एक माझ्यापुढे सरकवला. आम्ही चहा घेतला. त्यावर ते तेव्हा बोलले नाहीत आणि नंतरही कधी बोलले नाहीत. दुपारी जायला त्यांना आता कुठे नव्हतं. ते ओट्यावर बसायचे, रस्ता बघायचे, ऊन सरकलं की खुर्ची सरकवायचे. कधी मी फोडणी टाकली की आतून विचारायचे, "काय वास सुटलाय?" मी सांगायची, लसूण आहे, कढीपत्ता आहे. ते मान हलवायचे. एवढं मात्र नवीन होतं.

मी जिंकले होते, पण गल्ली काही पूर्वीसारखी झाली नाही. जे सोडून गेले ते परत आले नाहीत, जे राहिले त्यांना माझ्याशी पुन्हा बोलायला सुरुवात कुठून करावी हे कळत नसावं. मलाही कळत नव्हतं. काकूंना भेटायला मी एकदा पिंपळगावला गेले. त्या अंगणात द्राक्षं निवडत चार बायकांमध्ये बसल्या होत्या, हसत होत्या, मला बघून उठून आल्या. जेवायला वाढलं, निघताना पिशवी भरून द्राक्षं दिली. "ते घर विकायचं म्हणतोय मुलगा," त्या म्हणाल्या. "तू पण सोड गं ती जागा."

"नाना येणार नाहीत."

"हो, ते आहेच."

काही महिन्यांनी एक तरुण जोडपं काकूंचं घर बघायला आलं. किल्ली माझ्याकडेच होती, मीच उघडून दाखवलं. मुलगी गरोदर होती. तिला घर आवडलं, विशेषतः पुढची खोली, उजेड चांगला येतो म्हणाली. निघताना तिनं सहज विचारलं, "पाण्याचं वगैरे कसं आहे इथं?"

बोअर सील होता. नळाचं पाणी ठीक होतं. एवढं सांगून भागलं असतं. पण जमीन अजून साफ झालेली नव्हती, त्या कामाच्या तारखा अजून चालू होत्या, आणि ती पुढच्या अंगणात भाजीचे वाफे कुठे करायचे ते नवऱ्याला दाखवत होती. मी तिला सगळं सांगितलं. दोघांनी शांतपणे ऐकून घेतलं, आभार मानले, आणि परत आले नाहीत.

दोन दिवसांनी काकूंच्या मुलाचा फोन आला. "ताई, ते टोकन देणार होते, आता नको म्हणतात. तुम्हाला काय गरज होती?"

"तिनं विचारलं म्हणून."

"आईच्या औषधपाण्याला ते पैसे लागणार होते," तो म्हणाला आणि फोन ठेवला. संध्याकाळी मी काकूंना लावला. त्यांनी उचलला. तब्येत, हवा, द्राक्षांचा हंगाम, सगळं बोलल्या. शेवटी म्हणाल्या, "तू खोटं बोलली नाहीस, ते मी त्याला सांगितलं. पण घरात राहायचं असतं गं मला त्याच्याबरोबर." मी हो म्हणाले. त्यानंतर त्यांचा फोन आलेला नाही. मी सणावाराला करते. कधी सून उचलते, त्या देवाला गेल्यात म्हणते.

घर अजून विकलं गेलेलं नाही. किल्ली न्यायला माणूस पाठवतो असं मुलानं कळवलं होतं, पण कुणी आलं नाही. जमिनीच्या कामाची पुढची तारीख लिंकवर आहे. मी अर्धी रजा टाकली आहे. नानांनी विचारलं, कोण कोण असणार. मी म्हटलं, आपल्याकडून मीच.